कोर्टावरील रेषा आणि घरातील रेषा
(महाविद्यालयीन मुलींच्या बास्केटबॉलविषयी एक अभ्यासपाठ)



स्मरणिकेतील अभ्यासपाठासाठी या वेळी आम्ही जो विषय घेतला आहे, तो अभ्यासवर्गात सहसा येत नाही. विषय आहे बास्केटबॉल खेळणाऱ्या महाविद्यालयीन मुलीच्या वाटचालीचा. खेळ म्हणजे फावल्या वेळची करमणूक, त्याचा अभ्यास तो काय करायचा, असे काहींना वाटेल. परंतु आमच्या वर्सोवा-अंधेरी परिसरात वस्तीवस्तीतून फिरताना एक गोष्ट आम्ही वारंवार पाहिली आहे. शाळेच्या मैदानावर मुलांच्या बरोबरीने धावणारी मुलगी दहावी झाली की मैदानावरून दिसेनाशी होते. ती आजारी नसते, खेळाला कंटाळलेलीही नसते. घरात कोणी तिला रागावून बंदी घातलेली असते असेही नाही. "आता पुरे झाले" एवढे एकच वाक्य कोणीतरी म्हणते आणि तेथे तिचा खेळ संपतो.

सोळा ते एकवीस या वयातच खेळाडू घडतो, आणि नेमक्या त्याच वयात आपण मुलीला घरी बसवतो. हे का घडते, त्यात मुलीचे काय जाते आणि ते टाळायचे कसे, एवढाच या पाठाचा उद्देश आहे.

१. खेळाचा जन्म आणि मुलींसाठी आखलेल्या रेषा

डिसेंबर १८९१ मध्ये अमेरिकेतील स्प्रिंगफील्ड या गावी वाय.एम.सी.ए.च्या प्रशिक्षण शाळेत जेम्स नेस्मिथ या शिक्षकाने हा खेळ तयार केला. बाहेर बर्फ पडत असताना विद्यार्थ्यांना बंद सभागृहात खेळता येईल असा खेळ त्यांना हवा होता. पीच नावाच्या फळांच्या दोन टोपल्या त्यांनी सज्जाला दहा फुटांवर टांगल्या आणि तेरा नियम लिहून भिंतीवर लावले. रिंगची दहा फूट, म्हणजे ३.०५ मीटर उंची आजही तीच आहे, आणि ती स्त्री-पुरुष दोघांना सारखीच आहे.

पुढच्याच वर्षी, १८९२ मध्ये, जवळच्या स्मिथ कॉलेज या मुलींच्या महाविद्यालयात सेंडा बेरेन्सन या शिक्षिकेने आपल्या विद्यार्थिनींना हा खेळ शिकवला. २२ मार्च १८९३ रोजी तेथील दोन वर्गांत सामना झाला. पुरुष प्रेक्षकांना आत प्रवेश नव्हता. म्हणजे बास्केटबॉल हा पुरुषांचा खेळ आणि मुली त्यात मागाहून शिरल्या, हा समज खरा नाही. खेळ सुरू होऊन वर्षभराच्या आतच महाविद्यालयीन मुली तो खेळू लागल्या होत्या.

मात्र मुलींचा खेळ सुरू होताच त्यांच्यासाठी निराळे नियम झाले. मुलींना संपूर्ण मैदान धावणे झेपणार नाही, त्यांच्या प्रकृतीला अपाय होईल, धक्काबुक्की त्यांना शोभणार नाही, असे त्या काळी मानले जाई. म्हणून कोर्टाचे रेषा आखून भाग पाडले गेले. प्रत्येक मुलीने आपल्याच भागात थांबायचे, रेषा ओलांडायची नाही. या पद्धतीत पुढे फेरफार होत गेले, पण अमेरिकेच्या महाविद्यालयांतील मुलींना पाच-पाच जणींच्या संघाने संपूर्ण कोर्टावर खेळण्याची मोकळीक मिळायला १९७१ साल उजाडावे लागले. ऑलिंपिकमध्ये पुरुषांचा बास्केटबॉल १९३६ साली आला, स्त्रियांचा १९७६ साली. मधे चाळीस वर्षे गेली.

रेषा पुसल्यावर मुली संपूर्ण कोर्ट धावल्या, आणि कोणाच्याही प्रकृतीला त्यामुळे अपाय झाला नाही. जे झेपणार नाही असे ऐंशी वर्षे सांगितले जात होते, ते कधी खेळून पाहूच दिलेले नव्हते. वाचकांनी हा मुद्दा ध्यानात ठेवावा. पुढील विवेचनात तो पुन्हा येणार आहे.

२. हा खेळ आपल्याकडे कसा आला

भारतात हा खेळ मुख्यतः वाय.एम.सी.ए.च्या शाखांमधून पसरला. हॅरी बक यांनी १९२० मध्ये मद्रास येथे शारीरिक शिक्षणाची संस्था सुरू केली. तेथून शिकून बाहेर पडलेल्या शिक्षकांनी शाळा-महाविद्यालयांत हा खेळ रुजवला. १९५० मध्ये भारतीय बास्केटबॉल महासंघाची स्थापना झाली.

मुंबईत या खेळाचे नाव घेतले की पहिल्याने नागपाडा आठवतो. दाट वस्ती, कष्टकरी कुटुंबे, अरुंद गल्ल्या, आणि त्यांच्या मधोमध बास्केटबॉलचे कोर्ट. भारताचे कर्णधारपद भूषवलेले आणि १९७० सालचा अर्जुन पुरस्कार मिळवलेले अब्बास मुंतसीर याच नागपाड्याचे. तिकडे माटुंग्याचे इंडियन जिमखाना हेही या खेळाचे जुने केंद्र आहे.

नागपाड्याचे उदाहरण आम्ही मुद्दाम दिले. उत्तम खेळाडू घडायला मोठमोठी मैदाने आणि श्रीमंत पालक लागतात, ही समजूत नागपाड्याने खोटी ठरवली आहे. बास्केटबॉलचे पूर्ण कोर्ट २८ मीटर लांब आणि १५ मीटर रुंद असते, म्हणजे क्रिकेटच्या मैदानाच्या तुलनेत अगदीच लहान. एक बोर्ड, एक रिंग, एक चेंडू आणि रोज संध्याकाळी हजर राहणारा एक शिकवणारा माणूस, एवढ्यावर सुरुवात होते. मुलींचा चेंडू सहा क्रमांकाचा असतो. पुरुषांच्या सात क्रमांकाच्या चेंडूपेक्षा तो थोडा लहान असून त्याचे वजन सुमारे अर्धा किलो भरते. चेंडू विकत घेताना हा क्रमांक पाहूनच घ्यावा. मोठ्या चेंडूने शिकलेल्या मुलीचा नेम पुढे सामन्यात चुकतो.

३. पुण्याची शिरीन लिमये : दोन सामने, सहा गुण

मराठी घरातील मुलगी या खेळात कोठवर जाऊ शकते, याचे आपल्या डोळ्यांसमोरचे उदाहरण म्हणजे पुण्याची शिरीन लिमये. महाराष्ट्राकडून खेळत ती भारतीय संघात गेली आणि पुढे त्या संघाची कर्णधारही झाली. तिच्या काळातील भारतीय संघाचे दोन सामने आम्ही अभ्यासासाठी निवडले आहेत.

पहिला सामना जुलै २०१७ मधला. बंगळूरच्या कंठीरवा बंदिस्त क्रीडागृहात महिलांच्या आशिया चषकाची 'ब' विभागाची स्पर्धा होती. या विभागात जो संघ पहिला येईल त्याला 'अ' विभागात, म्हणजे चीन, जपान, कोरिया, ऑस्ट्रेलिया यांच्या पंक्तीत बसायला मिळणार होते. अंतिम सामन्यात भारताची गाठ कझाकस्तानशी पडली. आपल्या मुलींनी तो सामना ७५-७३ असा जिंकला. फरक अवघा दोन गुणांचा, म्हणजे एका बास्केटचा.

दुसरा सामना २०२१ मधला. जॉर्डनची राजधानी अम्मान येथे आशिया चषकाच्या 'अ' विभागात भारतीय संघ उतरला होता आणि कर्णधार शिरीन होती. जपानसारख्या बलाढ्य संघाने आपला दारुण पराभव केला. अखेर 'अ' विभागातील जागा टिकवण्यासाठी फिलिपाईन्सला हरवणे भाग होते. तो सामना भारताने ७०-७४ असा गमावला आणि संघ पुन्हा 'ब' विभागात गेला. या वेळी फरक चार गुणांचा, म्हणजे दोन बास्केटचा.

वर चढताना दोन गुण, खाली येताना चार गुण. जिंकलेल्या सामन्याचे कौतुक सर्वच करतात, हरलेल्याचा विचार फारसा कोणी करत नाही. विचार केला तर असे दिसते की एवढ्याशा फरकाचा निकाल सामन्याच्या दिवशी ठरत नाही. तो त्याआधीच्या दहा वर्षांत ठरलेला असतो. राखीव बाकावर बसलेली आठवी, नववी, दहावी खेळाडू किती तयारीची आहे, यावर तो ठरतो. पहिल्या पाच मुली दमल्या की या मुली कोर्टावर येतात. आणि त्या कमी पडतात, कारण त्यांच्याइतक्याच गुणी कितीतरी मुली सोळाव्या-सतराव्या वर्षी खेळ सोडून घरी बसलेल्या असतात. जी मुलगी खेळत राहिली ती कर्णधार झाली. ज्यांनी खेळ सोडला त्यांची जागा रिकामी राहिली, आणि ती रिकामी जागाच मग दोन-चार गुणांच्या रूपाने आपल्यापुढे येते.

२०२३ मध्ये हांगझोऊ येथे झालेल्या आशियाई क्रीडा स्पर्धेतही शिरीन भारतीय संघात होती. तेथे भारताने इंडोनेशिया आणि मंगोलिया यांना हरवून उपांत्यपूर्व फेरी गाठली आणि तेथे उत्तर कोरियाकडून पराभव पत्करला. शाळेच्या वयात सुरू झालेला खेळ महाविद्यालयाची वर्षे ओलांडून पुढे एवढा टिकला, तो मधली वर्षे तुटली नाहीत म्हणून.

४. महाविद्यालयातील पाच वर्षे

आता प्रत्यक्ष वाटचाल पाहू. अकरावी-बारावीची विद्यार्थिनी शालेय क्रीडा स्पर्धांच्या १९ वर्षांखालील गटात खेळू शकते. तालुका वा महापालिका, जिल्हा, विभाग, राज्य आणि राष्ट्र अशा या स्पर्धांच्या पायऱ्या असतात. पदवीच्या वर्गात गेल्यावर ती महाविद्यालयाच्या संघातून आंतर-महाविद्यालयीन स्पर्धा खेळते. तेथील कामगिरी पाहून विद्यापीठाचा संघ निवडला जातो. तो संघ पश्चिम विभागाच्या आणि पुढे अखिल भारतीय आंतर-विद्यापीठ स्पर्धांत उतरतो. राज्यातील विद्यापीठांसाठी 'अश्वमेध' ही स्पर्धा असून बास्केटबॉलचा तीत समावेश आहे. २०२० पासून खेलो इंडिया विद्यापीठ क्रीडा स्पर्धाही सुरू झाल्या आहेत. याखेरीज जिल्हा आणि राज्य बास्केटबॉल संघटनांच्या निवड चाचण्या वेगळ्या असतात. त्यांतून राज्याचे युवा, कनिष्ठ आणि वरिष्ठ गटांचे संघ निवडले जातात.

या पायऱ्यांपैकी एकही पायरी 'मधे दोन वर्षे थांबून मग पुन्हा सुरू करू' अशी चढता येत नाही. बारावीच्या परीक्षेसाठी मुलीचा खेळ बंद करावा असे पालकांना वाटते. त्यांची काळजी आम्ही समजू शकतो. पण थोडा हिशेब करून पाहू. आठवड्यातून पाच दिवस, रोज दोन तास आणि वर्षातून चाळीस आठवडे सराव धरला तर वर्षाला ४०० तास होतात. अकरावी ते पदवी या पाच वर्षांत २००० तास. मधे दोन वर्षे खंड पडला तर ८०० तास जातात, आणि ते अशा वयात जातात की ज्या वयात शिकलेली हालचाल अंगात कायमची मुरते. परीक्षेच्या काळात सराव आठवड्यातून दोन दिवसांवर आणावा, पण तो पूर्ण बंद करू नये, असे आमचे सांगणे आहे. दोन दिवसांनी निदान सवय तरी टिकते.

वर्सोव्यातील मुलींसाठी प्रवासाचाही विचार करावा लागतो. पूर्वी यारी रोड किंवा सात बंगल्यावरून अंधेरी स्टेशन गाठायलाच बसमध्ये बराच वेळ जाई. ८ जून २०१४ रोजी वर्सोवा-अंधेरी-घाटकोपर मेट्रो सुरू झाल्यापासून ती अडचण कमी झाली. अंधेरीहून पश्चिम रेल्वेने मुंबई सेंट्रलला उतरले की नागपाडा जवळ आहे, आणि हार्बरच्या गाडीने किंग्ज सर्कलला उतरले की माटुंगा. दोघी-तिघी मुली एकत्र जाणार असतील तर पालकांची निम्मी काळजी मिटते. म्हणून वस्तीतून एकच मुलगी न पाठवता तिघींना बरोबर पाठवावे.

५. परदेशातील महाविद्यालयांची वाट

अमेरिकेत महाविद्यालयीन खेळाला फार मोठे स्थान आहे. १९७२ साली तेथे 'टायटल नाइन' नावाचा कायदा झाला. सरकारी निधी घेणाऱ्या शिक्षणसंस्थेत मुलगी म्हणून कोणाला डावलता येणार नाही, असे या कायद्याने ठरवले. त्यामुळे मुलींचे संघ आणि मुलींच्या क्रीडा-शिष्यवृत्त्या वाढल्या. १९८२ मध्ये एन.सी.ए.ए. या महाविद्यालयीन क्रीडा संघटनेने महिलांची पहिली बास्केटबॉल अजिंक्यपद स्पर्धा भरवली. २०२४ मध्ये तेथील महिलांचा अंतिम सामना दूरचित्रवाणीवर सुमारे १ कोटी ८७ लाख प्रेक्षकांनी पाहिला. त्या वर्षी पुरुषांच्या अंतिम सामन्यालाही इतके प्रेक्षक मिळाले नाहीत. कायदा झाल्यापासून येथवर यायला बावन्न वर्षे लागली, हे विसरू नये.

आपल्या देशातील मुलीही या वाटेने गेल्या आहेत. बंगळूरची संजना रमेश २०१९ मध्ये अमेरिकेतील नॉर्दर्न अ‍ॅरिझोना विद्यापीठात क्रीडा-शिष्यवृत्तीवर दाखल झाली. एन.बी.ए. अकादमीने भारतातील मुलींसाठी चालवलेल्या उपक्रमातून पहिल्या श्रेणीच्या महाविद्यालयीन संघात शिष्यवृत्तीवर पोहोचलेली ती पहिली मुलगी. त्याआधी केरळच्या गीतू अ‍ॅना जोझ हिने २००६ पासून ऑस्ट्रेलियात रिंगवुड हॉक्स या संघाकडून खेळून दाखवले होते. २०११ मध्ये अमेरिकेच्या व्यावसायिक महिला लीगमधील तीन संघांनी तिला चाचणीसाठी बोलावले. तेथे तिची निवड झाली नाही, तरी त्या दारापर्यंत भारतीय मुलगी पोहोचली. तिला २०१४ चा अर्जुन पुरस्कार मिळाला.

या वाटेविषयी पालकांनी काही गोष्टी नीट समजून घ्याव्यात. पूर्ण शिष्यवृत्तीत शिक्षण शुल्क, पुस्तके, राहणे आणि जेवण यांचा खर्च येतो. पण ती सर्वच महाविद्यालये देत नाहीत. तिसऱ्या श्रेणीतील महाविद्यालयांत क्रीडा-शिष्यवृत्ती नसतेच. पहिल्या श्रेणीत खेळायचे तर माध्यमिक शिक्षणातील सोळा ठराविक अभ्यासक्रम पूर्ण झालेले असावे लागतात आणि त्यांत चारपैकी किमान २.३ सरासरी लागते. ही मोजणी इयत्ता नववीपासून होते. म्हणजे 'खेळात हुशार आहे, मग अभ्यासाचे काय' हा विचार या वाटेवर चालत नाही. नववीची गुणपत्रिकासुद्धा जपून ठेवावी लागते. बारावीनंतर नुसत्या स्पर्धा खेळत वर्षे घालवली तर खेळण्याच्या पात्रतेचा काळही कमी होऊ शकतो. आणि शेवटची गोष्ट : आगाऊ पैसे घेऊन शिष्यवृत्तीची हमी देणाऱ्या मध्यस्थांपासून दूर राहावे. शिष्यवृत्ती महाविद्यालय देते. ती देण्याचा अधिकार मध्यस्थाला नाही.

या वाटेने जाणाऱ्या मुली फार थोड्या असतात, हेही आम्ही स्पष्ट सांगतो. शंभर मुलींपुढे हे एकच ध्येय ठेवले तर नव्याण्णव निराश होतील. म्हणून पुढचा मुद्दा अधिक महत्त्वाचा आहे.

६. पदवी, प्रमाणपत्र आणि नोकरी

आपल्या देशात बास्केटबॉल खेळणाऱ्या मुलींना सर्वांत मोठा आधार दिला तो रेल्वेने. क्रीडा कोट्यातून रेल्वेत नोकरी मिळवलेल्या मुलींच्या बळावर भारतीय रेल्वेचा महिला संघ राष्ट्रीय स्पर्धांत वर्षानुवर्षे आघाडीवर राहिला. खेळ संपल्यावरही नोकरी राहते, पगार राहतो, घराला आधार राहतो. कष्टकरी कुटुंबातील मुलीच्या दृष्टीने ही गोष्ट पदकापेक्षा कमी मोलाची नाही.

महाराष्ट्र शासनाने २००५ पासून शासकीय आणि निमशासकीय सेवेत गुणवंत खेळाडूंसाठी पाच टक्के समांतर आरक्षण ठेवले असून २०१६ मध्ये त्याचे नियम सुधारले आहेत. कोणत्या गटाच्या पदासाठी कोणत्या पातळीवरील कामगिरी लागते, हे त्या नियमांत सांगितले आहे. येथे क्रीडा प्रमाणपत्राची पडताळणी होते आणि ती क्रीडा खात्याच्या विभागीय उपसंचालकांच्या कार्यालयाकडून करून घ्यावी लागते. खोटी प्रमाणपत्रे सादर करण्याचे प्रकार उघडकीस आल्यापासून ही पडताळणी कडक झाली आहे. म्हणून खऱ्या खेळाडूनेच आपली कागदपत्रे अधिक काटेकोर ठेवली पाहिजेत.

आमची पालकांना विनंती आहे की पहिल्या जिल्हा स्पर्धेपासून एक वही आणि एक फाईल करावी. स्पर्धेचे नाव, तारीख, ठिकाण, संघाचा क्रमांक, प्रवेशिकेची प्रत आणि प्रमाणपत्र हे सर्व तीत ठेवावे. नावातील अक्षरे आणि जन्मतारीख शाळेच्या दाखल्याशी तंतोतंत जुळते का, हे प्रमाणपत्र हाती पडताच पाहावे. एका वेलांटीची चूक दुरुस्त करायला पुढे वर्ष लागते, आणि तेवढ्यात अर्जाची मुदत निघून जाते.

ज्यांना नोकरीचा हा मार्ग मिळणार नाही, त्यांच्यासाठी शारीरिक शिक्षणाची पदवी, प्रशिक्षकाचा अभ्यासक्रम आणि पंचांची परीक्षा हे मार्ग आहेत. मुलींना शिकवायला स्त्री-प्रशिक्षक मिळाली तर पालक निर्धास्त होतात, आणि अशा प्रशिक्षक फार कमी आहेत. आज खेळणारी मुलगी उद्याच्या दहा मुलींची वाट मोकळी करते, ती अशी.

७. शरीराची काळजी

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) आढळले की देशातील १५ ते १९ वयाच्या मुलींपैकी सुमारे ५९ टक्के मुलींना रक्तक्षय आहे. म्हणजे दहा मुलींत सहा जणी. अशी मुलगी कोर्टावर दोन फेऱ्या धावली की धापा टाकते. मग सर्वजण म्हणतात, "हिला झेपत नाही." झेपत नाही ते अंगात लोह कमी असल्यामुळे. एकदा रक्ताची तपासणी करून घ्यावी आणि डॉक्टरांच्या सल्ल्याने गोळ्या घ्याव्यात. आपल्या वर्सोवा कोळीवाड्यातील सुकट, जवळा, तिसऱ्या ही ताकदीची अन्ने आहेत. जे मासे खात नाहीत त्यांनी कडधान्ये, पालेभाज्या, नाचणी, गूळ-शेंगदाणे खावेत आणि सोबत लिंबू पिळावे. जेवणाबरोबर चहा घेऊ नये, कारण चहामुळे अन्नातील लोह अंगी कमी लागते. आणि घरात मासळीचा मोठा तुकडा मुलाच्या ताटात आणि रस्सा मुलीच्या ताटात, ही रीत असेल तर ती आजच मोडावी.

पाळीच्या दिवसांत खेळल्याने अपाय होत नाही. त्रास फार होत असेल तर त्या दिवशी विश्रांती घ्यावी. परंतु सराव वाढल्यावर पाळी काही महिने बंद झाली तर ते कमी खाण्याचे लक्षण असू शकते. अशा वेळी डॉक्टरांना अवश्य दाखवावे. उडी मारून उतरताना किंवा एकाएकी वळताना गुडघ्यातील स्नायुबंध तुटण्याचे प्रमाण मुलांपेक्षा मुलींत जास्त असते. उतरताना गुडघे वाकवून, दोन्ही पायांवर भार घेऊन उतरायला पहिल्या दिवसापासून शिकवावे. दर सरावाआधी पंधरा-वीस मिनिटे अंग नीट मोकळे केले तर ही दुखापत बरीच टळते.

८. घरातील रेषा

अमेरिकेतील कोर्टावर आखलेल्या त्या रेषा १९७१ मध्ये पुसल्या गेल्या. आपल्या घरांतील रेषा अजून पूर्ण पुसलेल्या नाहीत. संध्याकाळी सातच्या आत घरात, पाणी भरायच्या वेळी घरात, धाकट्या भावंडांना सांभाळायला घरात. या रेषा कोणी खडूने आखत नाही, पण मुलीला त्या स्पष्ट दिसतात.

आम्ही पालकांना दोष देत नाही. आई पहाटे बाजाराला किंवा कामावर जाते, बाप रात्रपाळीला असतो, तेव्हा घरचे काम कोणाच्या तरी अंगावर पडणारच. प्रश्न इतकाच आहे, की ते दर वेळी मुलीच्याच अंगावर का पडावे? दोन तासांसाठी भावाने पाणी भरले, शेजारच्या मावशींनी लहानग्याला पाहिले, तर मुलीचे वर्षाचे चारशे तास वाचतात. शिष्यवृत्ती पुढे मिळेल तेव्हा मिळेल. हे दोन तास ही घराने मुलीला दिलेली पहिली शिष्यवृत्ती होय.

कपड्यांवरूनही अडते. आखूड चड्डी घालून मुलीने खेळू नये, असे घरच्या वडीलधाऱ्यांना वाटते. सरावाला सैल ट्रॅक पँट आणि पूर्ण बाह्यांचा टी-शर्ट चालतो. आंतरराष्ट्रीय महासंघाने ऑक्टोबर २०१७ पासून डोके झाकून खेळण्यासही परवानगी दिली आहे. ज्या गोष्टीवर तोडगा निघतो, त्या गोष्टीसाठी मुलीचा खेळ बंद करू नये.

जागेची अडचणही सुटण्यासारखी आहे. तिघी-तिघींचा बास्केटबॉल अर्ध्या कोर्टावर, एकाच रिंगवर खेळतात. प्रत्येक संघात तिघी आणि एक राखीव. दहा मिनिटांचा खेळ, किंवा आधी एकवीस गुण करील तो संघ विजयी. २०२१ मध्ये झालेल्या टोकियो ऑलिंपिकपासून या प्रकाराला ऑलिंपिकमध्ये स्थान मिळाले आहे. आठ मुली, एक रिंग आणि १५ मीटर बाय ११ मीटर जागा असली की सामना होतो. शाळा सुटल्यावर मोकळे राहणारे अंगण यासाठी पुरेसे आहे. ते मागायला मंडळाच्या कार्यकर्त्यांनी मुख्याध्यापकांकडे जावे आणि मुलींच्या आयांना बरोबर न्यावे. आया बरोबर असल्या की नकार देणे अवघड जाते, असा आमचा अनुभव आहे.

समारोप

या पाठाचे सार थोडक्यात असे. खेळाडू मुलगी घडते ती सोळा ते एकवीस या वयात. तिचा खेळ आणि तिचे शिक्षण ही एकमेकांची वैरी नाहीत. परदेशातील शिष्यवृत्ती असो, रेल्वेची नोकरी असो की शासकीय आरक्षण असो, प्रत्येक ठिकाणी गुणपत्रिका आणि क्रीडा प्रमाणपत्र ही दोन्ही जवळ असावी लागतात. शंभरांतील एखादीच भारताकडून खेळेल. पण उरलेल्या नव्याण्णव जणींनाही चांगले आरोग्य, संघात वागण्याची रीत, हरून पुन्हा उभे राहण्याची सवय आणि चारचौघांत मोठ्याने बोलण्याचे धैर्य मिळेल. कोर्टावर मागून येणारी सहकारी दिसत नाही, म्हणून "मी इथे आहे" असे ओरडून सांगावे लागते. घरात हळू बोलायला शिकवलेल्या मुलीला हे ओरडणे सुरुवातीला जमत नाही. दोन महिन्यांत जमते, आणि मग ते तिच्यापासून कोणी काढून घेऊ शकत नाही.

चर्चेसाठी प्रश्न

(१) मुलींसाठी कोर्टाचे भाग पाडण्यामागे कोणती समजूत होती? आपल्या घरात अशी कोणती समजूत आज पाळली जाते?

(२) २०१७ चा विजय आणि २०२१ चा पराभव यांतील गुणांचा फरक किती होता? राखीव खेळाडूंचे महत्त्व त्यावरून सांगा.

(३) आपल्या वस्तीतील दहावी झालेल्या मुलींची यादी करा. त्यांपैकी किती जणी मागील वर्षी खेळत होत्या आणि आज किती जणी खेळत आहेत?

(४) ज्यांनी खेळ सोडला, त्यांच्या घरी जाऊन दोन तास मोकळे करण्यासाठी काय करता येईल, हे त्यांच्या आई-वडिलांशी बोलून ठरवा.

तिसरा आणि चौथा प्रश्न वर्गात बसून सुटणारे नाहीत. त्यांची उत्तरे वस्तीत फिरून आणावी लागतील. पुढील अभ्यासवर्गात ती उत्तरे ऐकण्यास आम्ही उत्सुक आहोत.